रेजिनाबाईंचे प्रेषित

नोकरीचा पहिला दिवस, पहिलीच मधली सुट्टी. शिक्षकखोलीच्या कोपऱ्यात अंग चोरून मी डबा उघडत होते. ऑगस्ट संपत आला होता. बाळंतपणाच्या रजेवर गेलेल्या बाईंच्या जागी मला घेतलेलं, त्यामुळे आपण इथे किती दिवस राहणार याचीच खात्री नव्हती. माझ्यासमोर बसलेल्या बुटक्या, रुंद बांध्याच्या बाईंनी पिशवीतून एक वेलची केळं काढलं, देठ मोडलं, आणि साल सावकाश खाली ओढत, आज भाजी काय भावाने मिळाली हे सांगावं तशा सुरात म्हणाल्या, "आज बर्थलमयाची कातडी सोलली."

माझा घास हातातच राहिला. बाकी कुणी मानसुद्धा वर केली नाही. एक सर वर्तमानपत्र वाचत होते, ते वाचतच राहिले.

"जिवंतपणी," बाई पुढे म्हणाल्या आणि केळ्याचं साल डब्याच्या झाकणावर नीट पसरून ठेवलं. "आर्मेनियात. त्याच्या आधी आपल्या कल्याणलाही येऊन गेला म्हणे. असं सांगतात हां, मी तिथे नव्हते." मग सोललेल्या केळ्याचा अर्धा तुकडा मोडून त्यांनी माझ्यापुढे धरला. "घ्या. आमच्या वाडीतलं आहे. नवीन दिसता."

या रेजिनाबाई. आमच्या शाळेत त्या गणित शिकवायच्या. शाळा निर्मळच्या अलीकडे, केळीच्या आणि फुलांच्या वाड्यांमध्ये. मी मूळची चिपळूणकडची, राहायला विरारला फुलपाड्यात. ख्रिस्ती माणसांशी माझा संबंध तोवर नाताळच्या केकापलीकडे गेलेला नव्हता. येशूचे बारा प्रेषित होते एवढं ऐकून माहीत होतं. त्यातले बहुतेक कुणाच्या ना कुणाच्या हातून मेले, निदान तसं सांगितलं जातं, हे मला रेजिनाबाईंनी डबा खाता खाता शिकवलं. चर्चच्या पंचांगात प्रत्येक प्रेषिताचा एक दिवस असतो. ज्याचा दिवस असेल त्याचं मरण त्या मधल्या सुट्टीत सांगायच्या. हा त्यांचा जुना शिरस्ता होता. फिलिप मे महिन्यात यायचा आणि योहान नाताळच्या सुट्टीत, त्यामुळे हे दोघे शाळेच्या वाट्याला यायचे नाहीत, याची त्यांना खरोखर चुटपुट लागलेली असायची.

त्यांच्या सांगण्यात भीषण असं काही नसायचं. आपल्याच गल्लीतल्या, जरा हट्टी पण बऱ्या माणसांबद्दल बोलावं तसं त्या बोलायच्या. पेत्राला क्रुसावर चढवायला नेलं तेव्हा तो म्हणाला, माझ्या गुरूसारखं मरायची माझी लायकी नाही, मला उलटा टांगा. यावर बाईंचं म्हणणं असं, की शेवटच्या घटकेलाही या माणसाने शिपायांचं काम वाढवून ठेवलं. सिमोनाला करवतीने कापला, हे त्या एका वाक्यात उरकायच्या, कारण त्याच्याविषयी लोकांनी दुसरं काहीच सांगून ठेवलेलं नाही आणि त्याचं त्यांना वाईट वाटायचं. आंद्रिया मात्र त्यांचा लाडका. त्याचा दिवस नोव्हेंबरच्या अखेरीस, निर्मळच्या जत्रेच्या आसपास येतो. तेव्हा बाई जत्रेतली सुकेळी घेऊन यायच्या. वाळवलेल्या केळ्यांचा तो चिकट, गोड तुकडा चघळत त्यांनी मला सांगितलं, "आंद्रियाला फुलीसारख्या तिरप्या क्रुसावर बांधला. खिळे नाहीत, दोऱ्या. म्हणजे लवकर मरू नये. तर हा दोन दिवस तिथून लोकांना उपदेश करत राहिला. पाणी नाही, घंटा नाही, आणि समोरचे उठून जात नाहीत म्हटल्यावर हा बोलतोच आहे. नक्की शिक्षक असणार."

थोमाच्या त्या दोन गोष्टी सांगायच्या. मद्रासजवळच्या टेकडीवर तो प्रार्थनेला बसला होता आणि कुणी तरी त्याला भाल्याने भोसकलं, ही एक. एक शिकारी मोरावर नेम धरत होता, मोर उडाला आणि बाण थोमाला लागला, ही दुसरी. मी विज्ञानाची शिक्षिका, मी विचारलं की यातली खरी कुठली. त्या म्हणाल्या, "मला मोराची आवडते. तिच्यात कुणी वाईट नाही."

वर्गात मात्र असला सैलपणा नव्हता. उत्तर बरोबर आणि रीत चुकलेली असली तरी त्या गुण कापायच्या, आणि उत्तर चुकलेलं पण रीत धडपडत का होईना योग्य दिशेने गेलेली असली तर द्यायच्या. पोरं त्यांना घाबरायची आणि त्यांच्या स्कूटरमागे धावायची. त्या स्कूटरवर पुढे पायाशी केळ्यांचा घड किंवा फुलांची टोपली असायची आणि मागे, माझी रजेवरची जागा पुढे कायमची झाल्यावर, मी असायचे. नालासोपारा स्टेशनकडे जाणारी बस जिथे मिळते तिथवर त्या मला सोडत. वाटेत त्यांचं घर लागायचं. त्यांचा नवरा पास्कोल वाडीत काम करत असायचा. तो इतका कमी बोलायचा, की पहिली दोन वर्षं मी त्याचा आवाज ऐकला असं म्हणताच येणार नाही. पण बायको बोलू लागली की हातातला विळा थांबवून ऐकायचा.

रविवारी सकाळी चर्चमध्ये लहान मुलांचा धर्मशिक्षणाचा वर्ग असे. तो रेजिनाबाई घ्यायच्या आणि तिथेही प्रेषित मारायच्या. एकदा मी त्यांच्या ओट्यावर बसलेली असताना एक तरुण आई तावातावाने आली. लग्न होऊन ती एव्हरशाईन सिटीत राहायला गेली होती, पण मुलाला दर रविवारी माहेरच्या चर्चमध्ये वर्गाला आणत असे. तिची तक्रार अशी, की मुलगा सोललेलं केळं खात नाही, आणि विचारलं तर आधी त्या बर्थलमयाचं काय झालं ते सांगतो. "टीचर, तो टोटली घाबरलाय," ती म्हणाली. "एवढ्या लहान मुलांना हे कशाला सांगायचं? प्रेमाचं काही तरी सांगा ना."

बाईंनी तिला पाणी दिलं, मुलाला जवळ बोलावलं आणि विचारलं, की येशूला पकडायला शिपाई आले तेव्हा हे सगळे प्रेषित काय करत होते. मुलगा म्हणाला, पळाले. पेत्र काय म्हणाला? मी याला ओळखत नाही, असं म्हणाला. किती वेळा? तीन वेळा. मग बाई त्याच्या आईकडे वळल्या. "हे घाबरट लोक होते गं. आपल्यासारखेच. मी मरण सांगत नाही, मी सांगते की पळून गेलेली माणसं परत आली. पळाली म्हणून त्यांना कुणी काढून टाकलं नाही. कातडी सोलली हे त्याला लक्षात राहतं, ठीक आहे, पुढचं पुढे लक्षात येईल." ती बाई जराशी निवळली. मुलाने मधेच विचारलं, की बर्थलमय कातडीशिवाय स्वर्गात कसा गेला. रेजिनाबाई म्हणाल्या, "हलका झाला होता ना." जाताना त्या आईच्या हातात त्यांनी केळ्यांची एक फणी दिली. ती घ्यावी की न घ्यावी हे तिला कळेना.

आता सिसिलियाबाईंबद्दल सांगायला हवं, कारण त्यांच्याशिवाय रेजिनाबाई पुऱ्या होत नाहीत.

शिक्षकखोलीतल्या लांब टेबलाच्या दुसऱ्या टोकाला सिसिलियाबाई बसायच्या. उंच, सडपातळ, चष्मा दोरीने गळ्यात अडकवलेला. हिंदी शिकवायच्या. या दोघी एकमेकींशी बोलत नसत. अबोला मला नवा नव्हता, आमच्याकडे भावकीत तो पिढ्यानपिढ्या चालतो. पण या दोघी एकाच आळीत समोरासमोर राहायच्या, एकाच चर्चमध्ये जायच्या आणि एकाच टेबलावर जेवायच्या, त्यामुळे मधे बसणाऱ्याची पंचाईत व्हायची. आणि मधे मी बसायचे. "शिर्केबाई, त्यांना सांगा, खिडकी लावा, पाऊस आत येतोय," असं रेजिनाबाई म्हणायच्या. खिडकी सिसिलियाबाईंच्या हाताशी. त्या लावायच्या आणि मला म्हणायच्या, "त्यांना सांगा, लावली." मी दोन्हीकडे पाहून मान हलवायचे. इतर शिक्षकांनी हे सारं केव्हाच हवापाण्यासारखं स्वीकारलं होतं. कारण विचारलं की जो तो डब्यात बघायचा.

दोन-तीन पावसाळे गेल्यावर एक गोष्ट माझ्या लक्षात आली. चर्चचं पंचांग आता मलाही वाचता येऊ लागलं होतं, आणि पंचवीस जुलैच्या चौकटीत याकोब नावाच्या प्रेषिताचा दिवस होता. त्या दिवशी शाळा असायची, पण याकोब कसा मेला हे मी कधी ऐकलं नव्हतं. म्हणून त्या वर्षी मीच विचारलं.

"तलवारीने," रेजिनाबाई म्हणाल्या आणि डबा बंद केला. अर्धी भाकरी आत तशीच होती. टेबलाच्या दुसऱ्या टोकाला सिसिलियाबाईंनी चमचा पुसला, उठल्या आणि बाहेर गेल्या.

त्या संध्याकाळी बाईंनी स्कूटर निर्मळच्या तळ्याकाठी थांबवली. पाऊस उघडला होता. स्टँडवर लावलेल्या स्कूटरवरच बसून त्या बोलू लागल्या. प्रेषितांपैकी एकट्या याकोबाच्या हत्येची नोंद बायबलात आहे, तीही एका ओळीत. राजाने त्याला तलवारीने मारवला. बाकीच्यांच्या मरणाच्या गोष्टी लोकांनी सांगत आणलेल्या. पण याकोबाच्या त्या ओळीलाही लोकांनी शेपूट जोडलं. ज्या माणसाने त्याच्याविरुद्ध साक्ष दिली होती, तो याकोबाचं बोलणं ऐकून हलला आणि म्हणाला, मीही याच्यातलाच. मग दोघांनाही मारायला नेलं. वाटेत त्या माणसाने याकोबाला म्हटलं, मला क्षमा कर.

"याकोबाने थोडा विचार केला," रेजिनाबाई म्हणाल्या. "मग म्हणाला, तुला शांती असो, आणि त्याच्या गालाचा मुका घेतला. दोघांची डोकी बरोबरच उडवली."

"इतकी चांगली गोष्ट तुम्ही सांगत का नाही?"

"थोडा विचार केला म्हणजे किती, ते कुणी लिहून ठेवलेलं नाही," त्या म्हणाल्या. "मी अजून करतेय."

मग त्यांनी मला ते सांगितलं. मी शाळेत येण्याच्या बऱ्याच आधी मुख्याध्यापिकेची जागा रिकामी व्हायची होती आणि ती रेजिनाबाईंना मिळणार हे सर्वांनी धरून ठेवलं होतं. तेवढ्यात तक्रार झाली, की वार्षिक परीक्षेचा गणिताचा पेपर त्यांनी घरी शिकवणीला येणाऱ्या मुलांना आधीच दाखवला. चौकशी बसली. सगळ्या शिक्षकांसमोर सिसिलियाबाईंनी सांगितलं, की रेजिनाच्या घरी मी तो पेपर पाहिला. ही सिसिलिया म्हणजे त्यांची लहानपणापासूनची मैत्रीण. दोघी एका बाकावर शिकल्या, एका वर्षी लग्न झालं, एकीच्या पोराने दुसरीच्या घरी जेवायचं. पुढे काहीच सिद्ध झालं नाही, होणारही नव्हतं. पण जागा व्यवस्थापनातल्या कुणाच्या तरी माणसाला गेली आणि रेजिनाबाई होत्या तिथेच राहिल्या.

"जागेचं मला काही नाही," त्या म्हणाल्या, आणि मग गणित तपासल्यासारखं स्वतःलाच दुरुस्त केलं. "नाही, आहे. जागेचं पण आहे. पण पोरं महिनाभर माझ्याकडे बघायची ना, ते जास्त आहे."

त्यांनी स्कूटर सुरू केली.

काही वर्षांनी रेजिनाबाई निवृत्त झाल्या. निरोपाच्या भाषणात त्यांनी शिपायापासून मुख्याध्यापकांपर्यंत सगळ्यांचे आभार नावानिशी मानले. एक नाव सोडून. ज्याला कळायचं त्याला कळलं. माझं त्यांच्याकडे जाणं थांबलं नाही. दर काही रविवारी मी जायचे, त्यांच्या ओट्यावर बसायचे, आणि शाळेत कोण काय बोललं हे त्यांना सांगायचे. सिसिलियाबाईंचं नाव आलं की त्या पास्कोलला काही तरी काम सांगायच्या.

पुढच्याच उन्हाळ्यात, सकाळी दहाच्या सुमाराला, पास्कोल मोगऱ्याच्या कळ्या निवडत होता आणि आम्ही दोघी त्याला मदत करत होतो. समोरच्या घराचं दार उघडलं, आणि सिसिलियाबाई रस्ता ओलांडून फाटकात येऊन उभ्या राहिल्या. आत या असं कुणी म्हटलं नाही. त्या तिथूनच बोलल्या. दोघी त्यांच्या घरच्या बोलीत बोलत होत्या, ती मला तोवर कळू लागली होती पण बोलता येत नाही, म्हणून मी माझ्या मराठीत सांगते.

"पेपर मी पाहिला नव्हता, रेजिना," सिसिलियाबाई म्हणाल्या. "तुझ्या घरात तो नव्हताच. मला व्यवस्थापनातून सांगितलं होतं, एवढं बोल, नाही तर कायम होणार नाहीस. माझा नवरा नुकताच गेलेला. पोरं लहान. मी बोलले."

"हे मला तेव्हाच माहीत होतं," रेजिनाबाई म्हणाल्या. त्यांचे हात कळ्यांतच होते. "आज का आलीस?"

"काल मी रिटायर झाले. आता माझ्याकडून कुणी काही काढून घेऊ शकत नाही, म्हणून धीर आला." त्या जरा थांबल्या. "याचीही मला लाज वाटते. मला क्षमा कर."

रेजिनाबाईंनी हातातली कळी टोपलीत टाकली. मग म्हणाल्या, "खोटं सगळ्यांसमोर बोलली होतीस. खरं माझ्या फाटकात येऊन सांगतेस."

सिसिलियाबाईंनी मान हलवली आणि परत गेल्या. समोरचं दार लागल्याचा आवाज आला. रेजिनाबाईंनी चार कळ्या निवडल्या, त्यातल्या दोन चुकीच्या टोपलीत टाकल्या आणि मला विचारलं, की मी जास्त बोलले का. तेव्हा पास्कोल बोलला. इतक्या वर्षांत त्याचं एवढं मोठं बोलणं मी पहिल्यांदाच ऐकत होते.

"बरोबर बोललीस," तो म्हणाला. "पण ती आली. तू पोरांना शिकवतेस ते हेच ना, पळालेली परत आली म्हणून?"

रेजिनाबाई उठून आत गेल्या आणि भांडी घासू लागल्या. भांडी आधीच घासलेली होती.

त्यानंतर काही महिने काहीच झालं नाही. हिवाळ्यात शाळेत माजी विद्यार्थ्यांचा मेळावा भरला. पटांगणावर मांडव, समोर खुर्च्या आणि पहिल्या रांगेत निवृत्त शिक्षक. मी रेजिनाबाईंच्या शेजारी बसले होते. बँकेत, इस्पितळात, वाडीत काम करणारी मोठमोठी झालेली पोरं येऊन त्यांच्या पाया पडत होती, आणि त्या प्रत्येकाला त्याचे दहावीचे गणिताचे गुण सांगून खाली बसवत होत्या. मनोगतासाठी सिसिलियाबाईंचं नाव पुकारलं गेलं. त्या स्टेजवर गेल्या, चष्मा लावला, मग काढला.

त्यांनी भाषण केलं नाही. त्यांनी ते सगळं सांगितलं. कुणावर दोष ढकलला नाही, नवरा गेला होता हेही सांगितलं नाही. रेजिनाबाईंनी पेपर दाखवला नव्हता, मी खोटं बोलले, त्यामुळे त्यांची जागा गेली आणि तुम्हा मुलांच्या मनात त्यांच्याविषयी किल्मिष आलं, एवढंच. त्यांचा आवाज शेवटपर्यंत नीट राहिला. हात तेवढे माइकच्या दांड्यावर घट्ट होते.

सूत्रसंचालन करणारा मुलगा पुढे सरकला, पण माइक घ्यावा की नाही हे त्याला ठरवता येईना. सगळे पहिल्या रांगेकडे पाहत होते. मीही पाहत होते. रेजिनाबाई मांडीवरच्या पर्सचा बंद बोटाभोवती गुंडाळत होत्या, सोडत होत्या, पुन्हा गुंडाळत होत्या. मला वाटलं, या उठणार नाहीत. खरं सांगते, त्या उठल्या नसत्या तरी मी त्यांना चूक म्हटलं नसतं.

मग त्यांनी पर्स माझ्या मांडीवर ठेवली. त्यांचे गुडघे तेव्हा फार दुखत. स्टेजच्या पायऱ्या त्या एकेक करून, दर वेळी दोन्ही पाय टेकवून चढल्या. कुणी हात द्यायला आलं तर त्याला बाजूला केलं. सिसिलियाबाईंसमोर त्या उभ्या राहिल्या तेव्हा त्यांचं डोकं जेमतेम तिच्या खांद्याला लागत होतं.

"तुला शांती असो, सिसिल," त्या म्हणाल्या. माइकमधून ते सगळ्यांना ऐकू आलं. मग त्यांनी तिची मान खाली ओढली आणि गालाचा मुका घेतला.

मांडवात बायका डोळे पुसू लागल्या. पुरुष इकडेतिकडे पाहू लागले. रेजिनाबाईंनी माइकचा ताबा घेतला, तो आपल्या उंचीला खाली केला आणि समोरच्या मोठ्या झालेल्या पोरांवरून नजर फिरवली.

"त्या वर्षीचा गणिताचा निकाल आठवतो का तुम्हाला?" त्यांनी विचारलं. "पेपर फुटला असता तर तुम्ही एवढे नापास झाला असता?"

असा हशा त्या पटांगणावर मी पुन्हा ऐकला नाही. मागून कुणी तरी ओरडून आपले गुण सांगितले, मग दुसऱ्याने सांगितले. सिसिलियाबाई रडत होत्या आणि हसतही होत्या. चष्मा पुसायला त्यांना काही सापडेना, तेव्हा रेजिनाबाईंनी आपला पदर पुढे केला.

त्यानंतरच्या वर्षांत मी जेव्हा जेव्हा गेले, सिसिलियाबाई ओट्यावर असायच्याच. रेजिनाबाई बोलत असायच्या. अबोल्याच्या सगळ्या वर्षांत घडलेलं एकूण एक त्यांनी सिसिलियाबाईंना पहिल्यापासून सांगायला घेतलं होतं. मुलाचं लग्न कसं ठरलं, गाय कशी मेली, विहिरीला पाणी कसं कमी आलं. सिसिलियाबाई म्हणायच्या, "मला माहीत आहे गं, मी समोरच राहते." त्यावर उत्तर ठरलेलं, "तुला दिसलंय. मी सांगितलेलं नाही." मग गाय पुन्हा आजारी पडायची. सिसिलियाबाई तोंड उघडायच्या, बोट वर करायच्या, शेवटी चष्मा लावून मोगरा निवडायला घ्यायच्या. शाळेत असताना मी जे काम करायचे ते आता उरलं नव्हतं, आणि त्या दोघींमध्ये बसायला जागाही नव्हती. मी पायरीवर बसायचे.

पंचवीस जुलैला आता याकोब मरू लागला. रविवारच्या वर्गात ती गोष्ट पहिल्यांदा सांगितली तेव्हा रेजिनाबाईंनी मागच्या बाकावर सिसिलियाबाईंना नेऊन बसवलं होतं. एका मुलीने विचारलं, की तो माणूस आधी खोटं बोलला तर त्याला शांती का मिळाली. रेजिनाबाईंनी प्रश्न मागच्या बाकाकडे पाठवला. सिसिलियाबाई उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "त्याने मागितली." एवढं बोलून बसणार तोच रेजिनाबाईंनी पुढचं सगळं स्वतःच सांगून टाकलं.

गेल्या वर्षी ईस्टरआधीचा उपवासकाळ सुरू होण्याच्या आधी रेजिनाबाई गेल्या. दुपारी जेवल्या, खुर्चीत बसल्या, पास्कोल चहा घेऊन आला तोवर संपलं होतं. तलवार नाही, करवत नाही, कुणाचा राग नाही. बातमी कळली तेव्हा मी वर्गात होते. कसा तास संपवला ते मला सांगता येणार नाही.

चर्च भरून माणसं बाहेर उभी होती. शाळेची पोरं, वाड्यांतले शेतकरी, फुलवाल्या बायका. एव्हरशाईनहून ती आईही आली होती, कॉलेजात जाणाऱ्या उंच मुलाला घेऊन. मिस्साची प्रार्थना संपल्यावर फादरांनी विचारलं, की कुणाला दोन शब्द बोलायचे आहेत का. मला बोलायचं होतं, पण माझ्या आधी सिसिलियाबाई उठल्या. काठी घेऊन पुढे गेल्या, माइकशी उभ्या राहिल्या आणि त्यांनी शवपेटीकडे पाहिलं.

"आधी कित्येक वर्षं ही माझ्याशी बोलली नाही," त्या म्हणाल्या. "आणि नंतर हिने मला बोलू दिलं नाही."

पहिल्या बाकावरून पास्कोल मोठ्याने हसला, आणि मग आम्ही सगळे.